खूण न केलेलं नाव

यंदा हजचा महिना पुन्हा पोळ्याजवळ आला आहे. आपल्याकडे अधिक महिना घालून सणांना ऋतूंशी बांधून ठेवलेलं असतं, म्हणून पोळा कधी उन्हाळ्यात जात नाही. मुसलमानांच्या पंचांगात ही सोय नाही. त्यांचा महिना दर वर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे सरकतो. पावसातून उन्हाळ्यात, उन्हाळ्यातून थंडीत, असा उलटा चालत चालत तेहतीस वर्षांनी मूळ जागी येतो. चौऱ्याऐंशीच्या श्रावणात रज्जाकचाचा पांढुर्ण्याहून हजला निघाले तेव्हाही अशीच झड लागली होती, ओट्यावर असंच शेवाळ चढलं होतं. महिना फिरून आला. ते नाहीत. आणि एकवीस दिवसांपूर्वी माझी मायही गेली.

मायच्या पुण्यानुमोदनाला सौंसरहून, बोरगावहून नातेवाईक आले. माईक हातात आला की लोक चांगलंच बोलतात. एक जण म्हणाले, सुगंधाबाई म्हणजे क्षमेची मूर्ती. दुसऱ्यांनी रज्जाकचाचांची गोष्ट सांगितली आणि शेवटी तिनं त्यांना कसं मोठ्या मनानं माफ केलं, तेही सांगितलं. मंडपात माना हलल्या. मी समोरच बसले होते. मी शाळेत इतिहास शिकवते, चुकीचं साल सांगणाऱ्या पोराला तिथल्या तिथं थांबवते. त्या दिवशी माझ्या तोंडून शब्द निघाला नाही. म्हणून आता लिहिते आहे. माझ्या मायनं माफ केलं नव्हतं. शेवटपर्यंत केलं नव्हतं. आयुष्यात तिच्या हातात जे थोडं आलं त्यातली ही एक गोष्ट होती, आणि ती मी कोणाला मंडपात वाटू देणार नाही.

रज्जाकचाचा पिंजारी. आमच्या घरापासून तिसरं दार त्यांचं. छताला टांगलेली लांबलचक पिंजण, तिच्या तातीवर लाकडी दांड्याचा ठोका पडला की तुंग असा आवाज यायचा आणि जुन्या गादीतला दडपलेला कापूस फुलून वर उसळायचा. भुवयांवर, मिशीवर, कानांवर कापूस. तिशीतही ते म्हातारे दिसायचे. फक्त उजवा हात तरुण होता, मनगटापासून कोपरापर्यंत दोरखंडासारखा पिळलेला. मी त्या आवाजात अभ्यास केला. आजही कुठं काही तुंग वाजलं की मला इतिहासाची जुनी सालं आठवतात.

बाबा शिंपी होते. सगळे त्यांना मास्टर म्हणायचे. मी वर्षाची असताना त्यांचा डावा डोळा गेला, म्हणून मला दोन डोळ्यांचे बाबा आठवतच नाहीत. पूर्वी म्हणे ते कोट शिवायचे. मला आठवतात ते लेंगे, उशांचे अभ्रे आणि गाद्यांच्या खोळी. सगळं सरळ शिलाईचं. खोळी बाबा शिवायचे, कापूस चाचा भरायचे. माय कापसाच्या जीनमध्ये, सरकी काढणाऱ्या रेच्यावर, कामाला जायची. संध्याकाळी ती आली की तिच्या केसांतही तोच कापूस असायचा.

डोळा कसा गेला हे पांढुर्ण्यात सांगावं लागत नाही, बाहेरच्यांना सांगावं लागतं. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीत पळसाचं झाड रोवतात, वर झेंडा. अलीकडे पांढुर्णा, पलीकडे सावरगाव. दिवसभर दोन्ही काठांवरून दगड चालतात. ह्या गावच्या पोरानं त्या गावची पोरगी पळवून आणली आणि नदीत दोघांवर दगड पडले, असं सांगतात. ती गोटमार. दगडानं डोकं फुटलं तरी कोणी तक्रार करत नाही, कोणी माफी मागत नाही. दगड हजार हातांचा असतो. बाबा त्या दिवशी पोळ्याचे शिवलेले कपडे पोचवायला सावरगावला गेले होते आणि परत येताना त्या काठावर उभे राहून पाहत होते. अंगात निळा शर्ट होता. बस, एवढीच गोष्ट घरात सांगितली जायची.

चौऱ्याऐंशीला चाचांचं हजसाठी नाव लागलं. मुंबईहून जहाज, आठवडाभर समुद्र, मग जेद्दा, मग मक्का. टिनाच्या पेटीवर पांढऱ्या रंगानं नाव-गाव रंगवून आलं. पेटीत तांदूळ, डाळ, स्टोव्ह. एक दिवस ते पांढऱ्या कापडाचा तागा घेऊन आमच्याकडे आले. बाबांनी सवयीनं गळ्यातला टेप काढला.

“टेप ठेव मास्टर. हे कापड शिवत नसतात.”

“मंग घालतात कसं?”

“दोन चादरी. एक कमरेले, एक खांद्यावर. टाका नाही, बटन नाही.”

“राजा आला तं त्याचंही तसंच?”

“राजाचंही तसंच.”

“मंग तिथं टेलर उपाशीच मरत असन,” बाबा म्हणाले, आणि तागा फाडून दोन सारखे तुकडे करून दिले. किनार सुटू नये म्हणून त्यांचा हात सुईकडे गेला होता. चाचांनी तो धरला.

मी तेव्हा बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला होते. वाचनालयात जे मिळेल ते वाचायचे, आणि त्या दिवसांत हजविषयी वाचलं. सुरतेला मक्केचा दरवाजा म्हणत. उत्तरेकडचे यात्रेकरू बऱ्हाणपुरावरून तिकडे उतरत, काफिल्यानं, कारण वाटेत लुटारू असत आणि समुद्रात फिरंगी. वर्ष-दीड वर्ष लागे. पुष्कळ परत येत नसत. त्यामुळे निघणारा माणूस मेल्यासारखाच निघायचा. मृत्युपत्र करून, ज्याचं त्याला परत करून. न शिवलेलं पांढरं कापड कफनासारखं दिसतं, ते उगाच नाही. पुष्कळ हाजी तेच कापड जपून ठेवतात आणि त्यातच पुरले जातात. जहाज आलं, आगबोट आली, विमान आलं, तरी निघण्यापूर्वी दारोदार जाऊन ‘कहा-सुना माफ’ म्हणण्याची रीत राहिली. मला ती रीत फार सुंदर वाटली होती. पुस्तकात सगळंच सुंदर वाटतं.

चाचांना लिहिता येत नव्हतं. म्हणून यादी मी केली. वहीचं मधलं पान काढून त्यावर ते सांगतील ती नावं लिहायची आणि माफी मिळाली की पुढे बरोबरची खूण करायची. मावसभावाचा मुलगा, त्याला एकदा फार मारलं होतं. लोधीखेड्याचा एक गिऱ्हाईक, त्याच्या गादीत जुना कापूस भरला होता. सौंसरची मोठी बहीण, तिच्याशी सहा वर्षं बोलणं नव्हतं. तिच्याकडे मी त्यांच्याबरोबर बसनं गेले. तिनं आम्हाला दारातच उभं ठेवलं. पागोळ्या माझ्या खांद्यावर पडत होत्या.

“हजले चालला म्हणून आला. नसता चालला तं आला असता का?” तिनं विचारलं.

“नाही, आपा.”

“खरं बोलला. ये अंदर.”

परतीच्या बसमध्ये मी तिच्या नावापुढे खूण केली. अशा चाळीसएक झाल्या. निघायला आठ दिवस राहिले तेव्हा मी म्हटलं, चाचा, झालं ना सगळं? ते बराच वेळ पिंजणीच्या तातीवरचा कापूस काढत बसले.

“एक राहिलं. लिही.”

“कोणाचं?”

“तुह्या बाबाचं.”

मला वाटलं गंमत करताहेत. मग त्यांनी सांगितलं. एकोणीस वर्षांपूर्वीच्या त्या दिवशी ह्या काठावर त्यांच्या हातात गोफण होती. नदीच्या वाळूत पांढरी गारगोटी सापडली, अंड्यासारखी, म्हणून मुद्दाम ठेवली आणि मुद्दाम मारली. ती हवेत शेवटपर्यंत दिसली. समोर निळा शर्ट घातलेल्या माणसानं दोन्ही हात तोंडावर घेतले. संध्याकाळी कळलं की शिंप्याचा डोळा गेला आणि त्याच्या अंगात निळा शर्ट होता. वर्षभरानं आमच्या गल्लीतलं घर रिकामं झालं तेव्हा ते तिथं राहायला आले.

मी नाव लिहिलं. माझं अक्षर त्या एका ओळीत वाकडं आहे.

ते त्याच संध्याकाळी आले. बाबांनी ऐकून घेतलं. मशीनचं चाक हातानं थोडं पुढं-मागं केलं. मग म्हणाले, “गोटमारीच्या दगडाले का मालक असते बे? माफ. चाय पिऊन जा.” चाचा रडायला लागले. तेवढ्यात माय कामावरून आली, दारात उभी राहिली.

“काय माफ झालं?”

“काही नाही वो, जुनी गोष्ट,” बाबा म्हणाले. पण चाचांनी तिला पुन्हा सगळं सांगितलं, मान खाली घालून. तिनं मध्ये एकदाही थांबवलं नाही. डोक्यावरचा पदर काढून झटकला, त्यातला कापूस खाली पडला.

“डोळा ह्यांचा. ह्यांनी माफ केला. माह्यं का?”

“तुमचं, भाभी?”

“छिंदवाड्याले ट्रेनिंगले नाव लागलं होतं माह्यं. मास्तरीणबाईच्या. दिवाळीनंतर जायाचं होतं. पोरीले बोरगावले माह्या आईजवळ ठेवणार होतो. दिवाळीले मी जीनमध्ये रेच्यावर उभी होतो.”

मी वीस वर्षांची होते आणि हे पहिल्यांदा ऐकत होते. तिनं सातवी केली आहे एवढंच मला माहीत होतं. माझ्या पुस्तकांना ती खाकी कागदाची कव्हरं घालायची, कोपरे बोटानं पुन्हा पुन्हा दाबत. ते दाबणं मला त्या क्षणी दिसलं.

“मले माहीत नव्हतं, भाभी.”

“विचारलं कोणं?”

“मंग आता माफ करा.”

“नाही केलं तं?”

त्यांनी फसवलं नाही. तेवढं त्यांचं श्रेय. म्हणाले, नमाज चुकली, रोजा सुटला, तो अल्लाहचा हक्क. तो अल्लाह माफ करीन. पण माणसाचा हक्क माणसानंच माफ करावा लागते. त्यात तो पडत नाही.

“म्हणजे देवाच्याही हातात नाही?”

“नाही.”

“माह्या हातात हाय?”

“हव.”

मायनं झटकलेला पदर पुन्हा डोक्यावर घेतला. “मंग राहू द्या माह्याच हातात,” ती म्हणाली, आणि चहाचं आधण ठेवायला आत गेली. चहा तिनं दिला. कपात, बशीसकट.

पुढचे आठ दिवस गल्लीनं तिला सोडलं नाही. बायका आल्या, बाबांचे मित्र आले. माणूस एवढ्या पवित्र कामाला चालला आहे आणि तू अडवतेस, असं सगळ्यांचं. “म्या का गाडीसमोर झोपली? जाऊ द्या ना,” ती म्हणायची. मीसुद्धा तिच्या मागे लागले. हे लिहायला मला आजही जड जातं. मी म्हटलं, माय, एक शब्द आहे, म्हणून टाक.

“खोटं म्हणू? अन् ते खोटं घेऊन तो तिथवर जाईन?” ती भाकरी थापता थापता म्हणाली. “एवढी शिकली, अन् मायले खोटं शिकवून राहिली.”

ती नागपूरला दीक्षाभूमीवर दर वर्षी जायची. पांढरं लुगडं, डब्यात भाकरी, गाडीत पाय ठेवायला जागा नाही. लहानपणी मीही गेले आहे. डोळा पोचेल तिथवर पांढरं. पांढरं नेसून लाखोंच्या गर्दीत एक होणं तिला कोणी समजावून सांगायची गरज नव्हती. पण त्या गर्दीत ती कोणाकडून काही माफ करून घ्यायला गेली नव्हती. आपल्यावर जे झालं ते झालं, असं ताठ मानेनं म्हणायला गेली होती.

स्टेशनवर सगळी गल्ली लोटली. चाचांच्या गळ्यात इतके हार की मान दिसेना. माय सुट्टी करून आली होती. ती पुढे गेली तशी माणसं बाजूला झाली. सगळ्यांना वाटलं, आता म्हणेल.

“जाऊन या, रज्जाकभाऊ. तब्येत सांभाळा,” ती म्हणाली. “वापस या. वापस आले तं भांडता येईन.”

चाचा हारांमागून हसले. डोळे पुसायला त्यांना हात वर करता येईना.

त्या वर्षी गोटमारीच्या दिवशी मी घरात बसून नदीकडचा गलका ऐकत होते. चाचा तिकडे मक्केत असतील, दहा-बारा दिवसांनी त्यांनाही दगड मारायचे होते. मिना नावाच्या ठिकाणी सैतानाच्या खांबांना खडे मारतात. पुस्तकात लिहिलं होतं, खडा हरभऱ्याएवढाच हवा, मोठा दगड मारायला मनाई आहे. ते वाचून मी पुस्तक मिटलं होतं.

ऑक्टोबरात ते परतले. बाजारात आंबिया बहाराची संत्री यायला लागली होती. दाढी वाढलेली, रंग रापलेला, हातात जमजमच्या पाण्याचा डबा. सगळी गल्ली जमली. ते सांगत होते, पहिला खडा उचलला आणि समोर खांब दिसेना, निळा शर्ट दिसला. हात वरच राहिला. मागच्या माणसानं धक्का दिला तेव्हा खडा सुटला. मग सफा आणि मरवा, दोन टेकड्या. बीबी हाजराला वाळवंटात सोडून दिलं होतं, कडेवर तान्हं पोर, पाणी संपलेलं. ती पाण्यासाठी दोन टेकड्यांमध्ये सात वेळा धावली. आजही प्रत्येक हाजी तिथं तसाच सात वेळा जातो.

“कोण होती ती?” मायनं विचारलं. ती मागे, दाराजवळ बसली होती.

“गुलाम होती म्हणतात.”

“अन् राजेही तिच्यामागं पयतात?”

“राजेही, भाभी.”

“अन् हे पाणी तिचं?”

“तिच्यापायीच निघालं.”

“मंग द्या,” माय म्हणाली. वाटी दोन्ही हातांनी धरून ती ते पाणी घोट घोट प्याली. लोकांनी ह्याचाच अर्थ माफी असा लावला. मंडपात सांगितली ती गोष्ट इथं संपवलेली होती. पण मी तिथं होते. वाटी खाली ठेवून ती म्हणाली, “हे तिचं होतं म्हणून प्यालो. आपलं तसंच हाय.”

“हव,” चाचा म्हणाले. सगळे गेल्यावर ते मागे थांबले. म्हणाले, भाभी, तिथं दुवा मागताना तुमचं नाव घ्यायचं होतं, मला नाव माहीत नव्हतं. मास्टरच्या घरची, एवढंच म्हणालो.

अठरा वर्षं तिसऱ्या दारात राहून.

“सुगंधा,” माय म्हणाली. मग कोपऱ्यातली माझी जुनी पाटी ओढून तिनं त्यावर ते लिहिलं आणि त्यांच्यापुढे सरकवली. “बसा. गिरवा.”

असा तिचा वर्ग सुरू झाला. एक विद्यार्थी, पंचेचाळीस वर्षांचा, हाजी. पिंजणीवर चालणारा हात पेन्सिल धरताना लटपटायचा. ती ओरडायची, “रेघ सोडून कुठं चालले? जहाजात हाय का तुमी?” ते ‘भाभी’ म्हणायचे ते ‘बाई’ म्हणायला लागले. दोन वर्षांत त्यांना पेपर वाचता आला. मग ते बाबांना रोज पेपर वाचून दाखवायचे, आणि बाबा दुसरा डोळाही मिटून ऐकायचे. दर वर्षी पोळ्याला ते एकदा विचारायचे, “बाई, अजून?” आणि ती म्हणायची, “अजून.” मग दोघंही आपापल्या कामाला.

मी स्वतःला पुष्कळदा विचारलं आहे की त्यांनी मला जी माया दिली, दर दिवाळीला नवी रजई, परीक्षेच्या दिवशी सोलून दिलेलं संत्रं, ती माझ्यासाठी होती की त्या गारगोटीसाठी. संत्रं गोड होतं एवढं सांगता येतं.

चाचा जाऊन अकरा वर्षं झाली. त्या दोन चादरींतच त्यांना नेलं. शेवटच्या आजारात माय रोज त्यांच्या उशाशी बसून त्यांच्याकडून वाचून घ्यायची, चुकलं तर टोकायची. तेव्हाही एकदा त्यांनी विचारलं होतं. मी बाजूला उभी होते. उत्तर तेच होतं. त्यांनी क्षणभर डोळे मिटले आणि उघडल्यावर पुढची ओळ वाचायला तिनं त्यांना बोटानं जागा दाखवली.

परवा त्यांची मुलगी शमीम आली. मंडपात तिनं ते भाषण ऐकलं होतं. हातातली पिशवी मांडीवर घट्ट धरून बसली.

“ताई, मावशीनं अब्बाले माफ केलं होतं ना? लोक म्हणून राहिले.”

मला ‘हो’ म्हणता आलं असतं. दोघंही नाहीत. कोणाचं काही बिघडलं नसतं, आणि समोर बसलेल्या बाईच्या जिवाला वर्षानुवर्षांची स्वस्थता मिळाली असती. भाकरी थापणारे हात मला दिसले.

“नाही, शमीम. नव्हतं केलं.”

शमीमनं पिशवीतून एक कागद काढला, घड्यांवर फाटलेला. माझ्या वहीचं मधलं पान. चाळीसएक नावं, प्रत्येकापुढे माझी खूण. शेवटी वाकड्या अक्षरात बाबांचं नाव, त्याच्यापुढेही खूण. आणि त्याच्याखाली, माझं नव्हे असं, पेन्सिलीनं खोल दाबून लिहिलेलं एक नाव. सुगंधा. रेघ कुठंही सुटलेली नाही. पुढे जागा कोरी.

“अब्बा कुराणाजवळ ठेवत होते,” शमीम म्हणाली. “म्हणत, ज्याईनं माफ केलं त्याईची तोंडं आठवत नाहीत आता. ताई, तुमी तिची पोरगी हा. तुमी तं करू शकता ना खूण?”

तिनं पेनही आणलं होतं. टोपण काढून माझ्यापुढे धरलं. मी ते घेतलं, टोपण लावलं आणि तिच्या हातात परत दिलं. कागद जुन्या घड्यांवरच दुमडला. मग आम्ही दोघींनी चहा घेतला. कपात, बशीसकट.